एक नग कितीला पडतो? लहान कारखान्याचा खर्च आणि नफा बीजगणिताने काढण्याची रीत

पार्टीने फोनवर "एक नग कितीला पडेल?" असं विचारलं की नवी मुंबईतल्या रबाळे-महाप्याच्या गाळ्यांतले बहुतेक मालक एक आकडा सांगून मोकळे होतात. पण हा प्रश्न अर्धाच आहे. महिन्याला दहा हजार नग काढले तर एक नग एका भावात पडतो, चाळीस हजार काढले तर निम्म्याहून कमी भावात. नग किती, हे ठरल्याशिवाय भाव ठरत नाही. म्हणून हातात एक आकडा न ठेवता सूत्र ठेवायचं: नगांची संख्या घाला, खर्च बाहेर पडेल. गणिताच्या भाषेत हे फलन. दहावीची रेषीय समीकरणं आणि वर्गसमीकरणं थोडीफार आठवत असतील तर पुढचं सगळं जमतं.

उदाहरण एकच घेऊ आणि शेवटपर्यंत तेच चालवू. रबाळे एमआयडीसीत भाड्याचा गाळा, दीडशे टनाचं एक इंजेक्शन मोल्डिंग मशीन (वितळलेलं प्लॅस्टिक साच्यात दाबून माल काढणारं), दोन कॅव्हिटीचा मोल्ड, म्हणजे एका शॉटला दोन प्लेटा काढणारा साचा. माल म्हणजे कुंडीखाली ठेवायची प्लॅस्टिकची प्लेट, वजन ६० ग्रॅम. तीस सेकंदांना एक शॉट, म्हणजे तासाला २४० प्लेटा, त्यातल्या ४ टक्के रिजेक्ट. आकडे उदाहरणासाठी धरलेले आहेत. तुमच्या बिलांतले आणि वहीतले आकडे त्या जागी घाला. वागळे इस्टेटमध्ये प्रेसचं काम करत असाल किंवा तुर्भ्याला पॅकेजिंगचं, रीत तीच राहते.

आधी खर्चाची वाटणी

मशीन महिनाभर बंद ठेवलं तरी जो खर्च चुकत नाही तो स्थिर खर्च. आपल्या गाळ्याचा महिन्याचा हिशोब असा:

गाळ्याचं भाडं ४५,०००
ऑपरेटर आणि हेल्पर, पीएफ-बोनससकट ४२,०००
मालकाचा पगार ४०,०००
मशीनचा घसारा (१८ लाखांचं मशीन, १० वर्षं) १५,०००
मोल्ड (३ लाख ६० हजार, ३ वर्षं) १०,०००
लाइट बिलातला स्थिर भाग ८,०००
देखभाल, अकाउंटंट, फोन, किरकोळ १०,०००

बेरीज १,७०,००० रुपये. हा आपला स्थिरांक, त्याला 'स' म्हणू.

मालकाचा पगार हा रकाना बहुतेक वह्यांत नसतो. "उरेल ते माझं" हा हिशोब नव्हे. तुम्ही दुसरीकडे नोकरी केली असती तर जे मिळालं असतं ते इथे लिहा, नाहीतर नफा म्हणून जे दिसतं ती तुमची स्वतःची मजुरी असते. मशीन कर्जावर असेल तर हप्त्यातलं व्याज खर्चात धरा. मुद्दल धरू नका, कारण त्याच्या जागी घसारा आलाच आहे. बँकेत पैसे पुरतील का हे बघायला मात्र पूर्ण हप्ताच घ्यावा लागतो. नफ्याचा कागद आणि रोकडीचा कागद वेगळे ठेवलेले बरे.

आता लाइट बिल. यात दोन्ही खर्च मिसळलेले असतात. डिमांड चार्ज मशीन चालो न चालो लागतोच, युनिटचे पैसे वापराप्रमाणे. बिलावरच्या सगळ्या ओळी सोडवत बसण्यापेक्षा दोन महिने घ्या, एक मंदीचा आणि एक पूर्ण कामाचा:

२४,००० प्लेटा, बिल १९,२८० रुपये
४०,००० प्लेटा, बिल २६,८०० रुपये

हे रेषेवरचे दोन बिंदू. चढ = (२६,८०० − १९,२८०) ÷ (४०,००० − २४,०००) = ७,५२० ÷ १६,००० = ०.४७. म्हणजे प्लेटमागे ४७ पैशांची वीज. तिला ४०,००० ने गुणलं की १८,८००. बिलातून वजा केलं की ८,००० उरतात, तो स्थिर भाग. महिने निवडताना दोन गोष्टी बघा: दोन्ही बिलं एकाच दरपत्रकाची हवीत, आणि इंधन समायोजन आकारात (इंधनाच्या भावाप्रमाणे बदलणारी बिलातली ओळ) मोठा फरक नसावा. शिवाय महावितरणचं बिल मीटर रीडिंगच्या तारखेप्रमाणे निघतं, पहिली ते तीस असं नाही. तेव्हा उत्पादनही त्याच तारखांमधलं मोजा. हीच युक्ती देखभालीच्या खर्चालाही लागू पडते, फक्त तिथे बिंदू जास्त विखुरलेले असतात.

नगामागचा बदलता खर्च

इथे घाई केली की पुढचं सगळं वाया जातं. दाणा, म्हणजे कच्चं प्लॅस्टिक, १०० रुपये किलो धरू, त्यात २ टक्के मास्टरबॅच (रंगाचा दाणा) २५० रुपये किलोचा. मिश्रण पडलं ९८ + ५ = १०३ रुपये किलो. साठ ग्रॅमचे झाले ६.१८ रुपये.

पण शंभर प्लेटा पडल्या की विकायला ९६ च मिळतात. रिजेक्ट माल ग्राइंडरमध्ये जाऊन परत येतो, म्हणून त्याचे सगळे पैसे बुडत नाहीत. ग्राइंडिंगच्या मालाची किंमत ६० रुपये किलो धरली तर एका रिजेक्ट प्लेटचे ३.६० परत आले. तेव्हा चांगल्या प्लेटमागे दाणा:

(६.१८ − ०.०४ × ३.६०) ÷ ०.९६ = ६.२९ रुपये

त्यात वीज ०.४७, पिशवी-लेबल-खोका ०.६०, आणि टेम्पो ०.२४ (एका खेपेचे २,४००, एका खेपेत १०,००० प्लेटा). एकूण ७.६० रुपये. याला 'ब' म्हणू.

जीएसटी यात नाही. तुम्ही नोंदणीकृत असाल तर खरेदीवरचा कर इनपुट क्रेडिटने परत मिळतो, तो खर्च नव्हे. विक्रीचा रेटही कराशिवायचाच घ्यायचा. एका बाजूला करासकट आणि दुसऱ्या बाजूला कराविना धरला तर १८ टक्क्यांचा खोटा नफा किंवा खोटा तोटा दिसतो.

दाण्याचा भाव कच्च्या तेलाबरोबर वरखाली होतो, त्यामुळे तो आकडा सूत्रात गोठवून ठेवणं धोक्याचं. भावाच्या जागी 'द' ठेवून वरचं गणित पुन्हा मांडलं की दाण्याचा खर्च येतो ०.०६१२५ द + ०.१६२५. द = १०० घालून पाहा, तेच ६.२९ येतात. यातला पहिला आकडा पाठ करून ठेवण्यासारखा आहे. दाणा किलोमागे १० रुपयांनी वाढला की प्लेटमागे ६१ पैसे गेले आणि महिन्याच्या चाळीस हजार प्लेटांवर २४,५०० गेले. वर्षभराची ऑर्डर घेत असाल तर चलानाच्या मागे "भाव बदलू शकतो" असं मोघम छापण्यापेक्षा पार्टीशी सरळ हे सूत्र ठरवा: रेट = १३ + ०.०६१२५ × (द − १००). यातले १३ रुपये म्हणजे दाणा १०० असतानाचा प्लेटचा विक्रीचा रेट. दाणा उतरला तर रेट उतरेल हेही त्यातच आलं, म्हणून खरेदीवाले ते मान्य करतात.

सूत्र उभं राहिलं

क्ष म्हणजे महिन्याला विकले जाणारे नग.

खर्च: ख(क्ष) = १,७०,००० + ७.६० क्ष
विक्री: वि(क्ष) = १३ क्ष
नफा: न(क्ष) = वि(क्ष) − ख(क्ष) = ५.४० क्ष − १,७०,०००

नगामागची पडत काढायला खर्चाला क्ष ने भागा: ७.६० + १,७०,००० ÷ क्ष. दहा हजारांना २४.६०, वीस हजारांना १६.१०, तीस हजारांना १३.२७, चाळीस हजारांना ११.८५. सुरुवातीला अर्धवट सोडलेल्या प्रश्नाचं हे पूर्ण उत्तर.

५.४० हा एका प्लेटचा हातभार: १३ रुपयांतून बदलता खर्च काढून गाळ्याच्या खर्चाला लागणारी रक्कम. ना नफा ना तोटा कुठे, तर न(क्ष) = ० ठेवा. क्ष = १,७०,००० ÷ ५.४० = ३१,४८२ प्लेटा (अपूर्णांक आला की वरचा पूर्णांक घ्यायचा). आठ तासांच्या शिफ्टमध्ये जेवण, चहा, सेटिंग वजा जाता ७ तास, असे २५ दिवस, तासाला २३० चांगल्या प्लेटा. क्षमता निघते साधारण ४०,०००, म्हणजे रोजच्या १,६००. तर महिन्याचे जवळजवळ २० दिवस मशीन भाड्या-पगारासाठी चालतं आणि शेवटचे पाच दिवस नफ्यासाठी. त्या पाच दिवसांत मोल्ड बिघडला तर महिना गेलाच. पूर्ण चाळीस हजार विकले तर नफा ४६,०००.

ठरावीक नफा हवा असेल तर तो स्थिर खर्चात मिळवून भागा. ३०,००० हवेत: २,००,००० ÷ ५.४० = ३७,०३८ प्लेटा.

आता घासाघीस. "रुपया कमी करा शेठ" हे वाक्य ऐकायला साधं वाटतं. रेट १२ झाला की हातभार ४.४० आणि ना-नफा बिंदू ३८,६३७ वर जातो. चाळीस हजार विकूनही नफा ४६,००० वरून ६,०००. रेटमध्ये पावणेआठ टक्के सूट दिली आणि नफ्यातले सत्त्याऐंशी टक्के गेले.

पडतीपेक्षा कमी रेटची ऑर्डर

मंदीचा महिना, नेहमीच्या ऑर्डरी ३२,००० वर अडकल्या आहेत, आणि वाशीचा एक व्यापारी ८,००० प्लेटा १०.५० ने मागतो. पडत ११.८५, म्हणजे नगामागे सव्वा रुपयाहून जास्त तोटा, असं म्हणून बहुतेक जण फोन ठेवतात. सूत्र काय म्हणतं? ऑर्डर न घेता नफा ५.४० × ३२,००० − १,७०,००० = २,८००. घेतली तर वरचा हातभार (१०.५० − ७.६०) × ८,००० = २३,२००, एकूण २६,०००. भाडं तर तसंही जाणारच होतं.

पण हे शस्त्र दुधारी आहे. मशीन खरंच रिकामं हवं, आणि हा रेट नेहमीच्या पार्टीच्या कानावर जाऊ नये. सगळेच १०.५० मागू लागले तर चाळीस हजार विकूनही ५४,००० तोटा. नवी मुंबईतली बाजारपेठ लहान आहे, दोन व्यापाऱ्यांचा टेम्पोवाला एकच असतो. मी अशी ऑर्डर घ्यायला सांगेन ती वेगळ्या रंगात किंवा वेगळ्या पॅकिंगमध्ये, म्हणजे माल तोच आहे हे उघड दिसत नाही.

रंग बदलण्याचा खर्च मात्र त्यात घाला. आधीचा रंग बॅरलमधून निघेपर्यंत पाच-सहा किलो दाणा आणि मशीनचे दोन तास जातात. पूर्ण कामाच्या दिवसांत हे साधारण ३,००० रुपये धरा. लॉट ल नगांचा असेल तर नगामागे ३,००० ÷ ल. आठ हजारांना हे ३७-३८ पैसे, पाचशेच्या लॉटला ६ रुपये. "पाचशे नग जांभळे द्या, रेट तोच ठेवा" याला नाही म्हणायला एवढं गणित पुरे.

रेषा जिथे तुटते

आतापर्यंत खर्चाची रेषा सरळ धरली. प्रत्यक्षात ती पायऱ्यांनी चढते. टेम्पोचंच बघा: १०,००१ वी प्लेट दुसरी खेप मागते. पण ती पायरी लहान आहे. मोठी पायरी दुसऱ्या शिफ्टची. दुसरा ऑपरेटर, दुसरा हेल्पर आणि रात्रीचा भत्ता मिळून महिन्याला ४८,००० वाढतात असं धरा. मग खर्चाचं फलन दोन तुकड्यांत लिहावं लागतं:

क्ष ४०,००० पर्यंत: ख(क्ष) = १,७०,००० + ७.६० क्ष
क्ष ४०,००० च्या पुढे ८०,००० पर्यंत: ख(क्ष) = २,१८,००० + ७.६० क्ष

चाळीस हजारांना नफा ४६,०००. चाळीस हजार एकाला सुमारे २,००० तोटा. पुन्हा ४६,००० दिसायला (२,१८,००० + ४६,०००) ÷ ५.४० = ४८,८८९ प्लेटा विकाव्या लागतात. म्हणजे चाळीस ते जवळजवळ एकोणपन्नास हजार हा सगळा पट्टा खड्डा आहे: काम जास्त, धावपळ जास्त, हातात कमी. "ऑर्डरी वाढल्या पण पैसा दिसत नाही" ही तक्रार ज्यांची असते त्यांनी आपला महिना या पट्ट्यात आहे का ते आधी तपासावं.

मग वाढीव काम ओव्हरटाइमवर काढावं का? ऑपरेटर-हेल्परचा तास ४२,००० ÷ २०० = २१० रुपये, दुप्पट दराने ४२०. तासाला २३० प्लेटा, तर प्लेटमागे १.८२ वाढले, हातभार ५.४० वरून ३.५८. रोज दीड तास जादा चालवलं तर महिन्याला ८,६४० प्लेटा वाढतात. त्यांवर ओव्हरटाइमने सुमारे ३०,९०० मिळतात. त्याच प्लेटा दुसऱ्या शिफ्टने काढल्या तर ४६,६५६ − ४८,००० म्हणजे १,३४४ खिशातून जातात. नुसत्या गणिताने शिफ्ट परवडू लागते वाढीव नग ४८,००० ÷ १.८२, म्हणजे साधारण २६,४०० झाल्यावर. पण ओव्हरटाइमच्या तासांना कायद्याची मर्यादा आहे आणि माणसाच्या अंगालाही. त्यामुळे ९ ते २६ हजारांमधल्या वाढीला शेजारच्या गाळ्यातून जॉबवर्क करून घेणं हा तिसरा पर्याय उरतो. त्याचा नगामागचा दर मिळाला की तोही याच पद्धतीने तुलनेत बसवा.

गाळा बदलायचा विचार असेल तर दोन रेषा एकमेकींना कुठे छेदतात ते काढा. शिळफाट्याच्या पलीकडे भाडं ६,००० ने कमी, पण टेम्पो महाग आणि वीज जात-येत राहिल्याने रिजेक्शन ७ टक्के, म्हणून 'ब' ७.८० असं समजा. १,७०,००० + ७.६० क्ष = १,६४,००० + ७.८० क्ष, म्हणून क्ष = ३०,०००. त्याहून जास्त काम असेल तर महागडा रबाळ्याचा गाळाच स्वस्त.

दोन माल, एक मशीन

समजा त्याच मशीनवर कुंडीही निघते. कुंडीचा हातभार १४ रुपये, प्लेटचा ५.४०. कुंडी चांगली? तासाला कुंड्या ६० च निघतात: १४ × ६० = ८४० रुपये. प्लेटचे ५.४० × २३०.४ = १,२४४ रुपये. मशीन भरलेलं असताना नगाचा नव्हे, तासाचा हातभार बघायचा. मशीन रिकामं असेल तर ही तुलना करण्याचं कारणच नाही, दोन्ही घ्या.

रेट किती ठेवावा

इथे वर्गसमीकरण येतं. रेट वाढवला की नग कमी खपतात. मागच्या दोन-तीन वर्षांच्या ऑर्डरी बघून अंदाज बसवा. आपण धरू की १३ ला ३६,००० खपतात आणि दर रुपयामागे ४,००० कमी होतात. रेटला 'र' म्हटलं तर क्ष = ८८,००० − ४,००० र. मग

नफा = (र − ७.६०)(८८,००० − ४,००० र) − १,७०,०००
= −४,००० र² + १,१८,४०० र − ८,३८,८००

र² च्या मागे उणे असल्याने आलेख डोंगरासारखा आहे आणि माथा सापडतो र = १,१८,४०० ÷ ८,००० = १४.८० वर. तिथे नग २८,८०० आणि नफा ३७,३६०. तेरा रुपयांना तो २४,४०० होता. समीकरणाची दोन मुळं ११.७४ आणि १७.८६, रेट या दोहोंच्या बाहेर गेला की तोटा.

यातल्या दोन गोष्टींकडे लक्ष द्या. माथा सपाट आहे: १४ ला नफा ३४,८००, १५ ला ३७,२००. पैशा-पैशाचा कीस काढण्यात अर्थ नाही, आणि मागणीची रेषा मुळात अंदाजाची आहे हेही विसरू नका. दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. माथ्याच्या सूत्रात १,७०,००० कुठेच नाही. भाडं पाच हजारांनी वाढलं तर नफा पाच हजारांनी घटतो, पण सर्वात चांगला रेट जागचा हलत नाही. "भाडं वाढलं म्हणून रेट वाढवला" हे पार्टीला सांगायला ठीक आहे, स्वतःला नाही. दाणा वाढला तर मात्र माथाच सरकतो, आणि या रेषीय मागणीत तो वाढीच्या बरोबर निम्म्याने सरकतो.

उधारी

नव्वद दिवसांची उधारी फुकट नसते. वर्षाला १२ टक्क्यांनी १३ रुपयांवर ९० दिवसांचं व्याज ३८ पैसे. तेवढे 'ब' मध्ये मिळवा. चाळीस हजार प्लेटांवर ते सुमारे १५,४०० होतात, म्हणजे नफ्याचा तिसरा हिस्सा. शिवाय मासिक रिटर्न भरणाऱ्याला पार्टीचे पैसे आले नसले तरी पुढच्या महिन्याच्या २० तारखेला जीएसटी भरावाच लागतो. २००६ च्या एमएसएमईडी कायद्यानुसार सूक्ष्म आणि लघु उद्योगाचं बिल जास्तीत जास्त ४५ दिवसांत चुकतं करणं खरेदीदारावर बंधनकारक आहे. उशीर झाला तर बँक दराच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ व्याज लागतं. उद्यम नोंदणी (लघुउद्योगाची सरकारी नोंदणी) असेल तर सरकारच्या पोर्टलवर तक्रार करता येते. मोठ्या गिऱ्हाइकाविरुद्ध तक्रार करायला कोणी सहसा धजावत नाही हे खरं, पण बिलावर उद्यम क्रमांक आणि ४५ दिवसांची अट छापायला काहीच लागत नाही. रेट देताना मात्र दोन भाव द्या: रोखीचा १३, नव्वद दिवसांचा १३.४०.

एक्सेलमध्ये मांडताना

स, ब, र आणि द यांना वर एकेक वेगळा रकाना द्या. सूत्रांत आकडे लिहू नका, त्या रकान्यांचे पत्ते द्या. दाणा बदलला की एकच आकडा बदलायचा. खाली क्ष च्या जागी ५,००० पासून ८०,००० पर्यंत पाच-पाच हजारांच्या ओळी करा. पायरीच्या खर्चाला 'इफ', टेम्पोच्या खेपांना 'राउंडअप'. हवा तो नफा मिळायला किती नग लागतील हे 'गोल सीक' सांगतं. खर्च आणि विक्रीचा एकत्र आलेख काढला तर चाळीस हजारांवरची उडी डोळ्यांना दिसते, भागीदाराला समजावायला तोच कागद कामाला येतो.

महिना संपला की प्रत्यक्ष विकलेले नग सूत्रात घालून आलेला खर्च आणि टॅलीतला खर्च शेजारी ठेवा. फरक दोन-तीन टक्क्यांपलीकडे गेला तर आधी दाण्याचं वजन तपासा: प्लेट ६० ग्रॅमच्या ऐवजी ६२ ग्रॅमची पडत असेल तर नगामागे २१ पैसे, चाळीस हजारांवर ८,४००. मोल्ड जुना झाला की वजन असंच चोरपावलांनी वाढतं. ते पकडायला प्रत्येक शिफ्टच्या सुरुवातीला दहा प्लेटा काट्यावर ठेवायच्या आणि वजन वहीत लिहायचं.